शेकडा नफ्याचं उत्तर दरवेळी थोडक्यात हुकतंय? आधी ‘१००’ कुणाला धरलंत ते पाहा

तक्रार नेहमी सारखीच असते. सूत्रं पाठ आहेत, गुणाकार-भागाकार चुकत नाहीत, तरी गुणोत्तर आणि शेकडा नफा एकाच उदाहरणात आले की उत्तर हुकतं. तेही फार नाही, जवळपास हुकतं. पुस्तकात २५ असेल तर वहीत २० येतं, पुस्तकात २० असेल तर १६ पूर्णांक २/३. अगदीच भलतं काही आलं असतं तर संशय तरी आला असता. इथे उत्तर दिसायला इतकं बरं असतं की मुलं खाली दोन रेघा मारून पुढच्या उदाहरणाला लागतात.

मी बरीच वर्षं अशा वह्या तपासतेय. आता चुकीचं उत्तर पाहिलं की रीत न वाचताही बिघाड कुठे आहे ते बहुतेक वेळा सांगता येतं. गणित क्वचितच चुकलेलं असतं. चुकलेलं असतं ते वाचन, आणि त्यातही प्रत्यय आणि शब्दयोगी अव्ययं: चा, वर, पेक्षा, ने, शी. बोलताना ही शेपटं आपण अचूक वापरतो आणि गणिताचं पुस्तक उघडलं की तीच नजरेआड करतो. आकड्यांभोवती पेन्सिलीने गोल काढायची सवय सगळ्यांना असते. शेपटांभोवती कुणी काढत नाही.

म्हणून ही दुरुस्ती उलट बाजूने लिहिलीय. तुमचं उत्तर कसं चुकतंय ते बघा आणि तिथून वाचायला घ्या.

२५ हवे होते, २० आले

“नफा आणि विक्री किंमत यांचे गुणोत्तर १ : ५ आहे, तर शेकडा नफा किती?”

वहीत सरळ १/५ गुणिले १००, उत्तर २०. सुबक आणि चूक.

१ : ५ हे गुणोत्तर फक्त भाग सांगतं: याचा एक, त्याचे पाच. त्यात शंभर कुणाला म्हणायचं हे कुठेच आलेलं नाही. शेकड्याचं तसं नाही. शंभर कशाचे, हे ठरल्याशिवाय शेकड्याला अर्थच येत नाही. नुसतं ‘शेकडा नफा’ म्हटलं आणि पुढे काही सांगितलं नाही, तर ते शंभर खरेदी किमतीचे, हा ठरलेला संकेत आहे. म्हणजे आधी खरेदीचे भाग हवेत. विक्रीचे ५ भाग, त्यातला १ नफा, उरले ४ ती खरेदी. ४ वर १, म्हणजे २५ टक्के.

याच प्रश्नात ‘नफा’ खोडून ‘तोटा’ लिहा. विक्री ५ भाग, तोटा १ भाग, म्हणजे खरेदी ६ भाग. ६ वर १, १६ पूर्णांक २/३ टक्के. गुणोत्तर तेच, उत्तर पार निराळं. ज्याला हे दोन्ही तोंडी सांगता येतात त्याने हा भाग सोडून पुढे गेलं तरी चालेल.

विक्रीवर नफा मोजणं हे मुळात चूक नाही, हेही सांगायला हवं. धंद्याच्या हिशेबात ‘मार्जिन’ विक्रीवरच मोजतात आणि ‘मार्कअप’ खरेदीवर. त्यामुळे २५ टक्के मार्कअप आणि २० टक्के मार्जिन ही एकाच व्यवहाराची दोन नावं. खरेदीवर १/४ नफा म्हणजे विक्रीवर १/५, खरेदीवर १/३ म्हणजे विक्रीवर १/४. अंश १ असला की छेद एकाने वाढतो. तोट्यात उलट, छेद एकाने घटतो. मला हे सूत्रापेक्षा जास्त उपयोगी वाटतं, कारण कागद लागत नाही.

आता शेपटांची यादी, एकदाच. ‘पेक्षा’ ज्याला चिकटला तो १००. “अ हा ब पेक्षा २५ टक्क्यांनी जास्त” यात ब शंभर, अ एकशे पंचवीस. मग “ब हा अ पेक्षा किती टक्क्यांनी कमी” असं विचारलं की शंभराची टोपी अ च्या डोक्यावर जाते: १२५ मध्ये २५, म्हणजे २० टक्के. गुणोत्तरात “खरेदीचे विक्रीशी” असं असेल तर ‘चे’ वाला आधी, ‘शी’ वाला नंतर. “विक्रीचे खरेदीशी” म्हटलं की उलटं. आणि ‘ने’ आणि ‘वर’ यांची गल्लत करू नका. किंमत ४० टक्क्यांनी उतरली तर ६० उरले. किंमत ४० टक्क्यांवर आली तर ४० उरले.

उत्तर दशांशात फाटलं

“एक वस्तू ६९० ला विकल्याने १५ टक्के नफा झाला. खरेदी किंमत काढा.”

६९० चे १५ टक्के १०३.५, ते वजा केले, ५८६.५. शाळेच्या उदाहरणात असं फाटकं उत्तर आलं की आपला पाया, म्हणजे १०० धरलेली किंमत, घसरलाय असं समजायला हरकत नाही. पुस्तक लिहिणाऱ्याने आकडे नीट जुळवलेले असतात, आणि ते जुळत नसतील तर बहुधा आपण भलत्याच ठिकाणी भागतोय. अर्थात ही फक्त खूण आहे, पुरावा नाही. प्रत्यक्ष व्यवहारातले आकडे फाटकेच असतात.

१५ टक्के खरेदीचे होते, काढले विक्रीचे. त्रैराशिक मांडलं असतं तर ही चूक मांडतानाच दिसली असती. भास्कराचार्यांनी ‘लीलावती’त (इ. स. ११५०) त्रैराशिकाचा नियम सांगताना अट घातलीय ती नेमकी हीच: पहिलं पद प्रमाण आणि शेवटचं पद इच्छा ही दोन्ही एकाच जातीची हवीत, आणि वेगळ्या जातीचं फल मध्ये. इथे जाती दोन, विक्री आणि खरेदी. विक्री ११५ असताना खरेदी १००, तर विक्री ६९० असताना किती? ११५ आणि ६९० दोन्ही विक्री, मध्ये १०० खरेदी. ६९० गुणिले १०० भागिले ११५, उत्तर ६००. ६९० च्या खाली १०० मांडायला गेलात तर विक्रीखाली खरेदी येते आणि जात जुळत नाही. मी मुलांना प्रत्येक आकड्यासमोर ‘ख’ किंवा ‘वि’ लिहायला लावते. कंटाळतात, पण चुका थांबतात.

टक्क्यांची बेरीज-वजाबाकी करून आलेलं उत्तर

“खरेदीपेक्षा ४० टक्के जास्त किंमत छापून तिच्यावर २५ टक्के सूट दिली. नफा किती?” वहीत १५. पर्यायी प्रश्न असेल तर १५ हा पर्याय असणारच; प्रश्न काढणाऱ्याला आपली सवय माहीत असते.

४० टक्के खरेदीचे, २५ टक्के छापील किमतीचे. पाया वेगळा असलेले टक्के एकमेकांतून वजा होत नाहीत. यावर मला सगळ्यात आवडणारा उपाय म्हणजे टक्के टाकून द्यायचे आणि गुणोत्तरं धरायची. ४० टक्के वाढ म्हणजे ७/५. २५ टक्के सूट म्हणजे ३/४. दोन्ही गुणा: २१/२०. वीसाचे एकवीस झाले, नफा ५ टक्के. गुणोत्तराचा खरा फायदा इथे कळतो. साखळीसारखी एकापुढे एक जोडता येतात आणि मधली किंमत आपोआप कटते.

उलटा प्रश्नही याच किल्लीने उघडतो. २० टक्के सूट देऊनही २० टक्के नफा हवा असेल तर छापील किंमत खरेदीपेक्षा किती टक्के जास्त ठेवायची? वहीत ४०. पण छापील किमतीला ४/५ ने गुणून ६/५ यायला हवेत, म्हणजे छापील किंमत ३/२. खरेदीपेक्षा ५० टक्के जास्त.

सरासरी काढून आलेलं उत्तर

“दोन वस्तूंच्या खरेदी किमतींचे गुणोत्तर ३ : ५. पहिलीवर २० टक्के नफा, दुसरीवर ८ टक्के तोटा. एकूण?” २० वजा ८ म्हणजे १२, भागिले २, उत्तर ६ टक्के नफा. गुणोत्तर दिलंय ते काय शोभेला? दिलेली माहिती न वापरता उत्तर येतंय, याचाच अर्थ काहीतरी सुटलंय. ३०० आणि ५०० धरा. ६० नफा, ४० तोटा, एकूण ८०० वर २० नफा. अडीच टक्के.

याचंच भावंड म्हणजे दोन वस्तू सारख्याच किमतीला विकल्या, एकीवर २० टक्के नफा, दुसरीवर २० टक्के तोटा. “ना नफा ना तोटा” हे उत्तर मी इतक्या वेळा पाहिलंय की आता लाल शाई वाया घालवत नाही, फक्त ‘खरेदी?’ असं लिहून ठेवते. दोन्ही १२०० ला विकल्या समजा. पहिली घेतली होती १००० ला, दुसरी १५०० ला. म्हणजे गेले २५००, आले २४००. तोटा ४ टक्के. विक्री सारखी असल्याने तोट्याची वस्तू महाग घेतलेली निघते, म्हणून तिचे २० टक्के जड पडतात. खरेदी सारखी असती तर मात्र खरंच फिटंफाट झाली असती. ‘सारख्या किमतीला विकल्या’ आणि ‘सारख्या किमतीला घेतल्या’, एका क्रियापदाचा खेळ. सूत्र हवंच असेल तर टक्क्यांचा वर्ग भागिले १००, आणि तो नेहमी तोटाच.

नगांचे प्रश्न

“१५ नगांची खरेदी किंमत १२ नगांच्या विक्री किमतीएवढी आहे.” फरक ३. पंधरावर ३ की बारावर ३? इथे पाठांतर हमखास दगा देतं. त्यापेक्षा डोळ्यांसमोर आणा: १२ नग विकले आणि हातात १५ नगांच्या खरेदीचे पैसे आले. विकलेल्या १२ नगांना घालवलेले पैसे १२ नगांचे, वर ३ नगांच्या खरेदीएवढा नफा. १२ वर ३, २५ टक्के.

यापेक्षा फसवा प्रकार हा: “१२ नग विकल्यावर ३ नगांच्या विक्री किमतीएवढा नफा होतो.” आता १२ विक्रीतून ३ विक्री नफा, उरलेल्या ९ नगांच्या विक्रीत १२ नगांची खरेदी निघाली. म्हणजे एका नगाची खरेदी आणि विक्री ९ : १२, अर्थात ३ : ४, आणि नफा ३३ पूर्णांक १/३ टक्के. ‘विक्री किमतीएवढा’च्या जागी ‘खरेदी किमतीएवढा’ असता तर पुन्हा २५. एका शब्दाने आठ टक्क्यांहून जास्त फरक.

‘असे झाले असते तर’: इथे खरी दमछाक

“एका वस्तूवर १० टक्के नफा झाला. ती १० टक्के कमी किमतीला घेतली असती आणि १८ ने कमी किमतीला विकली असती, तर २० टक्के नफा झाला असता. खरेदी किंमत काढा.”

या उदाहरणाशी थोडा वेळ बसूया, कारण वर सांगितलेले सगळे खड्डे यात एकत्र आहेत. बहुतेक जण अशी सुरुवात करतात: खरेदी १००, विक्री ११०. छान. मग “२० टक्के नफा झाला असता” वाचून १२० लिहितात. आता ११० वरून १२० वर गेलो, म्हणजे विक्री वाढली. पण प्रश्न म्हणतो १८ ने कमी विकली. इथे थांबायला हवं. बरीच मुलं थांबत नाहीत. फरक १० काढतात, १० ला १८ तर १०० ला १८०, झालं.

कागदावर मधोमध उभी रेघ मारा. डावीकडे ‘झालं ते’, उजवीकडे ‘झालं असतं ते’. डावीकडे खरेदी १००, विक्री ११०. उजवीकडे आधी खरेदी लिहा, विक्रीला हातच लावू नका. खरेदी १० टक्के कमी, म्हणजे ९०. आता २० टक्के नफा कशावर? उजवीकडच्या खरेदीवर, ९० वर. ९० चे २० टक्के १८, विक्री १०८. डावीकडे ११०, उजवीकडे १०८. विक्री कमी झाली, प्रश्नाशी जुळलं. फरक २ भाग, आणि प्रश्नात तो १८. एक भाग ९, खरेदी १०० भाग, म्हणजे ९००.

गंमत म्हणजे यात १८ दोनदा आला. एक ९० चे २० टक्के म्हणून, तो भागांतला १८. दुसरा प्रश्नातला खरा १८. एका मुलीने हे दोन अठरा एकमेकांशी जुळवून एक भाग म्हणजे १ असं धरलं होतं आणि खरेदी १०० लिहून मोकळी झाली होती. त्यानंतर मी भाग नेहमी गोलात लिहायला सांगते आणि खरी रक्कम उघडी. आता तिच्या वहीत गोलातला १८ आणि उघडा १८ शेजारी शेजारी असले तरी भांडत नाहीत.

ताळा करायचा तर आपलीच रीत उलट्या दिशेने पुन्हा गिरवू नका. तीच चूक परतीच्या वाटेवरही होते. उत्तर घ्या आणि प्रश्न पहिल्या शब्दापासून जगून बघा. ९०० ला घेतली, ९९० ला विकली. १० टक्के कमी म्हणजे ८१० ला घेतली असती. १८ ने कमी म्हणजे ९७२ ला विकली असती. नफा १६२, आणि ८१० चे २० टक्के १६२. जमलं. १८० घेऊन हेच करा: १८० ला घेतली, १९८ ला विकली, पुढे १६२ ला घेतली, १८० ला विकली, नफा १८, म्हणजे जेमतेम ११ टक्के. फुटलंच.

गुणोत्तरात सरळ बेरीज

“खरेदी आणि विक्री ४ : ५. दोन्ही ३० नी वाढल्या असत्या तर नफा २० टक्के झाला असता.” गुणोत्तराच्या पदांत ३० थेट मिळवून ३४ : ३५ करणारे कमी नाहीत. ४ आणि ५ हे भाग आहेत, ३० ही रक्कम आहे. ‘क्ष’ घेऊन ४क्ष + ३० आणि ५क्ष + ३० लिहा, त्यांचं गुणोत्तर ५ : ६ ठेवा, क्ष ३० येतो. खरेदी १२०, विक्री १५०.

पण समीकरणाशिवायही सुटतं, आणि मला तसंच आवडतं. दोन्ही किमती सारख्याच वाढल्या तर नफ्याची रक्कम हलतच नाही. आधी ४ : ५, नफा १ भाग. नंतर ५ : ६, नफा १ भाग. रक्कम तीच म्हणून भागही तोच. मग खरेदी ४ भागांवरून ५ वर गेली ती एक भागाने, आणि तो भाग ३०. दरवेळी भाग इतके आयते जुळत नाहीत. जुळले नाहीत तर नफ्याची पदं गुणून सारखी करून घ्यायची.

टक्के दिलेत, गुणोत्तर विचारलंय

“मालाचा काही भाग १२ टक्के नफ्याने, उरलेला १८ टक्के तोट्याने विकला. एकूण ६ टक्के नफा झाला. दोन भागांच्या खरेदीचे गुणोत्तर काय?” इथे मुलं १२ : १८ लिहून २ : ३ करतात. एकूण ६ टक्के कुणी पाहिलेच नाहीत.

प्रत्येक भाग एकूण आकड्यापासून किती लांब आहे ते मोजा. १२ हा ६ पासून ६ वर. उणे १८ हा ६ पासून २४ खाली. शून्य ओलांडायचंय हे विसरलात तर इथे १२ येतील. आता आडवं बदलायचं: नफ्याच्या भागाला २४, तोट्याच्या भागाला ६. गुणोत्तर ४ : १. ४०० वर १२ टक्के ४८, १०० वर १८ टक्के तोटा १८, उरले ३०, आणि ५०० चे ६ टक्के ३०. आडवं का बदलायचं, तर तोट्याचा भाग लांब आहे, म्हणून तराजू समतोल राहायला तो थोडा असला पाहिजे. एवढं पटलं की आडव्या रेघा उलट्या पडत नाहीत.

तराजूवरून आठवलं, एक प्रकार राहिला. “खरेदी किमतीलाच विकतो असं सांगून १००० ग्रॅमऐवजी ८०० ग्रॅम देतो.” राखलेले २०० ग्रॅम, उत्तर पुन्हा २० येतं वहीत. त्याच्या खिशातून गेलेला माल १००० ग्रॅम नव्हताच, ८०० होता, आणि पैसे आले १००० चे. ८०० वर २००.